अस्सल कागद सरकारी दप्तरात गहाळ झाला, मग कोर्टात अस्सल आणायचा कुठून?

संपादक साहेब, नमस्कार.

सातारा जिल्ह्यातल्या एका तालुक्याच्या दिवाणी कोर्टासमोर माझं झेरॉक्सचं दुकान आहे. २००३ पासून आहे, म्हणजे बावीस वर्षं उलटून गेली. खरेदीखत, साठेखत (पुढं विकायचं कबूल केल्याचा करार), वाटणीपत्र, मृत्युपत्र, हातउसन्याच्या चिठ्ठ्या, सगळं या काचेवर येऊन गेलंय. मी वकील नाही, पण एवढी वर्षं वकिलांच्या, कारकुनांच्या आणि पक्षकारांच्या मधे उभं राहून जे कानावर पडलं आणि नंतर आमच्या घरच्याच केसमधे जे भोगलं त्यावरून लिहितोय. कलमं आणि निकाल मात्र नीट वाचून, दोन जाणत्या वकिलांना दाखवून मगच लिहिलेत.

पत्र लिहायचं कारण असं की सध्या व्हॉट्सअॅपवर दोन मेसेज फिरतायत. एकात म्हटलंय कोर्टात झेरॉक्स अजिबात चालत नाही, अस्सल नसेल तर केस संपली म्हणून समजा. दुसऱ्यात म्हटलंय नोटरीकडून ट्रू कॉपीचा शिक्का मारून घ्या की झेरॉक्स अस्सलसारखीच चालते. दोन्ही चूक आहे आणि दोन्हीमुळे माणसांचं नुकसान होतंय. परवाच एक म्हातारी आजी एका वाडीवरनं आली, हातात साठेखताची झेरॉक्स, ती पण झेरॉक्सवरून काढलेली, खालचा अंगठा निम्मा कापलेला. म्हणाली, "बाळा, ही चालंल का रं कोर्टात?" तिला एका वाक्यात उत्तर देता येईना. चालंल म्हणावं तरी खोटं आणि चालणार नाही म्हणावं तरी खोटं. तेव्हाच ठरवलं की हे सविस्तर लिहून पेपरला पाठवायचं.

आधी आमच्या घरचं सांगतो. माझ्या मावशीला मूलबाळ नव्हतं. तिनं १९९८ साली आपली ३२ गुंठे जमीन माझ्या आईला मिळावी असं मृत्युपत्र करून ठेवलं, साध्या कागदावर, गावातल्या शाळेच्या गुरुजींनी हातानं लिहिलेलं, खाली मावशीची सही आणि दोन साक्षीदार, त्यातले एक गुरुजी स्वतः. रजिस्टर केलेलं नव्हतं पण मृत्युपत्र रजिस्टर करायची सक्ती नाही आणि त्याला स्टॅम्पही लागत नाही. २००८ ला मावशी गेली. २००९ ला आई फेरफार नोंदीसाठी अर्ज द्यायला गेली, तेव्हा तिथल्या माणसानं मूळ कागद मागितला, झेरॉक्स नको म्हणाला. आईनं आदल्या दिवशी माझ्याच दुकानात त्याची झेरॉक्स काढून घेतली होती, मूळ कागद मी माझ्या हातानं काचेवर ठेवला होता. दुसऱ्या दिवशी तिनं मूळ कागद देऊन टाकला. पोच घेतली नाही. मागायची असते हे तिला माहीत नव्हतं, आणि मला माहीत असून मी तिला सांगितलं नाही, ते माझ्या मनाला आजही लागून राहिलंय.

मावशीच्या दिराच्या मुलांनी हरकत घेतली, तक्रारी नोंद झाली, कागद मंडळ अधिकाऱ्यांकडे, तिथून तहसीलला, तिथून प्रांताकडे असे फिरले आणि या फेऱ्यात कधीतरी मूळ मृत्युपत्र नाहीसं झालं. कुणी मुद्दाम केलं असं मी म्हणत नाही. आम्ही माहिती अधिकारात अर्ज टाकला तेव्हा एका ओळीचं उत्तर आलं की सदर अभिलेख आढळून येत नाही. त्या ओळीवर आई दोन दिवस जेवली नाही. पुढं कळलं की ती ओळ आमच्या केसमधे सोन्यासारखी होती, ते खाली सांगतो.

२०१४ ला दावा लागला. २०१६ ला आईचा सरतपास, म्हणजे आपल्याच वकिलानं घेतलेली साक्ष, सुरू झाला आणि झेरॉक्स दाखवल्याबरोबर समोरच्या वकिलांनी हरकत घेतली. मग आमच्या वकिलांनी दुय्यम पुरावा, म्हणजे अस्सलऐवजी नक्कल, द्यायची परवानगी मिळावी म्हणून वेगळा अर्ज दिला. त्या अर्जावर समोरच्यांचं म्हणणं यायला सात महिने गेले. मग युक्तिवाद झाला, तेवढ्यात न्यायाधीश साहेबांची बदली झाली, नवीन साहेब आले, परत पहिल्यापासून युक्तिवाद, मग मधेच कोर्टाला सुट्ट्या, मग समोरच्या वकिलांची तब्येत. अर्ज मंजूर झाला ऑगस्ट २०१९ मधे. म्हणजे झेरॉक्स दाखवायची परवानगी मिळायला तीन वर्षं. आणि जानेवारी २०१९ ला गुरुजी वारले. दुसरा साक्षीदार २०११ लाच गेला होता. अर्ज दिला त्या दिवशी गुरुजी धडधाकट होते हो, सायकलवरून बाजाराला यायचे, माझ्या दुकानात थांबून विचारायचे की मला कधी बोलावतंय कोर्ट. त्यांनाच तर सगळं ठाऊक होतं, त्यांनी स्वतः लिहिलं होतं, मावशीला सही करताना पाहिलं होतं. कायद्यानं मृत्युपत्र शाबीत करायला हयात असलेला निदान एक साक्षीदार पिंजऱ्यात आणावाच लागतो. साक्षीदार कुणीच हयात नसेल तर एका साक्षीदाराचं हस्ताक्षर आणि करून देणाऱ्याची सही ओळखणारं माणूस आणावं लागतं, ते आम्ही आणलं, गुरुजींच्या मुलानं अक्षर ओळखलं. पण ज्यानं डोळ्यानं पाहिलं त्याचं सांगणं आणि ज्याला फक्त अक्षर ओळखता येतं त्याचं सांगणं यात जमीन अस्मानाचा फरक आहे. निकाल आईच्या बाजूनं लागला पण प्रकरण आता अपिलात आहे म्हणून याहून जास्त लिहीत नाही.

आता कायदा. आपला जुना पुरावा कायदा १८७२ चा, आणि १ जुलै २०२४ पासून त्याच्या जागी भारतीय साक्ष्य अधिनियम २०२३ आला. कलमांचे नंबर बदलले पण झेरॉक्सच्या बाबतीत गाभा तोच आहे. आणि एक लक्षात ठेवा, १ जुलै २०२४ च्या आधीपासून चालू असलेल्या दाव्यांना जुनाच कायदा लागतो, त्यामुळे कोर्टात आज दोन्ही नंबर ऐकू येतात, जुनं ६३ म्हणजे नवं ५८, जुनं ६५ म्हणजे नवं ६०. कागदातला मजकूर शाबीत करायचा तर अस्सल कागद आणा, तो प्राथमिक पुरावा, हा मूळ नियम. अस्सल आणता येत नसेल तर नक्कल, तो दुय्यम पुरावा, पण कायद्यात सांगितलेल्या कारणांपैकी एखादं कारण असेल तरच. अस्सल समोरच्या पार्टीकडे आहे आणि नोटीस देऊनही ती आणत नाही, हे एक. अस्सल हरवलं, नष्ट झालं, किंवा आपली चूक किंवा हयगय नसताना वेळेत आणता येत नाही, हे दुसरं. समोरच्यानं लेखी कबूल केलंय, ते सरकारी दस्तऐवज आहे, अशी अजून काही आहेत पण खेड्यापाड्यातल्या निम्म्याहून जास्त भानगडी या पहिल्या दोनातच बसतात.

मला सगळ्यात आश्चर्य वाटलं ते १८७२ च्या कायद्यातली उदाहरणं वाचून. त्या काळी झेरॉक्स मशीन कुठलं, पण त्यात कॉपिंग मशीनवर काढलेल्या पत्राच्या नकलेचं उदाहरण दिलंय, फोटोचंही दिलंय, आणि म्हटलंय की मुळाचा फोटो हा दुय्यम पुरावा आहे, मुळाशी ताडून पाहिला नसला तरी चालेल, पण ज्याचा फोटो काढला तोच मूळ कागद होता हे शाबीत झालं पाहिजे. म्हणजे दीडशे वर्षांपूर्वीच झेरॉक्सला दार उघडं ठेवलं होतं. आणि नकलेवरून काढलेली नक्कल, जी मुळाशी ताडलेली नाही, ती दुय्यम पुरावाही नाही असंही तिथंच सांगितलंय. त्या आजीचं साठेखत इथं अडकतं. झेरॉक्सची झेरॉक्स काढताना आपण दोन रुपयात काम झालं म्हणतो, पण कोर्टाच्या नजरेत तो कागद एक पायरी खाली गेलेला असतो.

म्हणून आमच्या केसमधे मला साक्षीला उभं राहावं लागलं. मूळ कागद तुम्ही पाहिला होता का, स्वतः मशीनवर ठेवला होता का, ही झेरॉक्स त्याचीच आहे हे कशावरून, मशीन कुठलं होतं, किती कॉप्या काढल्या, एवढं सगळं विचारलं. उलटतपासात मला नाही पण आईला विचारलं की पोच न घेता मूळ कागद देऊन टाकणं ही तुमचीच हयगय नाही का. आई सत्तरीची, ती म्हणाली, "साहेब, सरकारच्या माणसाला कागद दिला, त्याला बी पावती मागायची असती व्हय?" त्या प्रश्नाला कुणी उत्तर दिलं नाही, पण हयगय हा शब्द कायद्यात आहे आणि तोच समोरच्याचं हत्यार आहे. तिथं ती माहिती अधिकारातली एक ओळ कामाला आली. ज्या ऑफिसात कागद होता त्यानंच लिहून दिलं की सापडत नाही, म्हणजे कागद आईनं लपवलेला नाही हे दिसलं. वकील लोक याला पाया घालणं म्हणतात. मूळ कागद होता, तो कुणाकडे गेला, कुठं शोधला, का मिळाला नाही, आणि ही नक्कल त्याचीच कशी, एवढं साक्षीत आलं म्हणजे पाया झाला.

आणि आता ज्याच्यासाठी हे पत्र लिहितोय ते. या सगळ्यासाठी आधी वेगळा अर्ज करून परवानगी घ्यायची काही गरजच नव्हती! सुप्रीम कोर्टानं मार्च २०२० मधे धनपत विरुद्ध शेव राम या केसमधे स्पष्ट सांगितलंय की दुय्यम पुरावा देण्याआधी तसा अर्ज दिलाच पाहिजे अशी अट कायद्यात नाही, पुरेसं कारण साक्षीत आलं की झालं. ती केसही मृत्युपत्राचीच होती. मुंबई हायकोर्टाचेही याच अर्थाचे निकाल त्याच्या आधीपासून आहेत. कायद्याचं कलम कितीही वेळा वाचा, त्यात आधी कोर्टाची परवानगी घ्या असं कुठंच नाही. तरी आजही माझ्या दुकानात आठवड्याला एकदोन तरी असे अर्ज झेरॉक्सला येतात, दुय्यम पुराव्याची परवानगी मिळणेबाबत. मी कुणा वकिलाला दोष देत नाही, ते म्हणतात अर्ज नाही दिला तर साहेब विचारतात अर्ज कुठाय, आणि साहेब म्हणत असतील अर्ज आलाय तर त्याच्यावर ऑर्डर करावी लागते. पण या मधल्या तीन वर्षांत गुरुजी गेले. असे किती गुरुजी गेले असतील.

त्याच वर्षी, मे २०२० मधे, जगमेल सिंग विरुद्ध करमजीत सिंग असा अजून एक निकाल आला. पंजाब हरियाणा हायकोर्टातून वर गेलेली केस. ती मी वाचली तेव्हा अंगावर काटा आला, कारण ती अक्षरशः आमचीच गोष्ट होती. १९८९ चं मृत्युपत्र, मूळ कागद नोंदीसाठी गावच्या महसूल खात्याच्या माणसाला दिला, तो परत मिळाला नाही, त्या माणसांना साक्षीला बोलावलं तरी कागद आला नाही, खालच्या कोर्टानं आणि हायकोर्टानं नाही म्हटलं आणि सुप्रीम कोर्टानं सांगितलं की पाया घातला गेलाय, दुय्यम पुरावा देऊ द्या. पण त्याच निकालात हेही आहे की परवानगी मिळाली म्हणजे मृत्युपत्र खरं ठरलं असं नाही, ते पुढं कायद्याप्रमाणे शाबीत करावंच लागेल.

इथंच लोकांचा मोठा घोटाळा होतो. कागद दाखल होणं, कागद पुराव्यात वाचला जाणं आणि कागद शाबीत होणं या तीन वेगळ्या गोष्टी आहेत. यादीसोबत झेरॉक्स लावली की ती दाखल झाली. निशाणी नंबर, म्हणजे कोर्टानं पुराव्यातल्या कागदाला दिलेला नंबर, पडला की लोक पेढे वाटायला निघतात. पण निशाणी पडली म्हणजे मजकूर खरा ठरला असं नाही, सुप्रीम कोर्टानं २०११ ला एच. सिद्दिकी विरुद्ध ए. रामलिंगम यात हेच सांगितलंय, तिथं तर मुखत्यारपत्राची झेरॉक्स होती आणि समोरच्यानं त्यावरची सही माझी आहे एवढंच मान्य केलं होतं, तरी तेवढ्यानं मजकूर शाबीत होत नाही असं कोर्ट म्हणालं. उलट बाजूनं पण एक गोष्ट आहे. झेरॉक्स दाखवली जात असताना समोरचा गप्प बसला, हरकतच घेतली नाही, आणि मग अपिलात जाऊन म्हणायला लागला की ती झेरॉक्स होती हो, तर ते चालत नाही. २००३ चा व्यंकटाचल गौंडर यांचा निकाल आहे, त्यात सांगितलंय की कागद ज्या पद्धतीनं शाबीत करताय त्यावरची हरकत त्याच वेळी घ्यायची, म्हणजे समोरच्याला ती उणीव भरून काढायची संधी मिळते. हे मला फार न्यायाचं वाटतं. म्हणून तारखेला वकील आले नाहीत तर जाऊ दे पुढची तारीख पडेल असं म्हणू नका, ज्या दिवशी समोरच्याचे कागद दाखल होतात त्या दिवशी तिथं असा.

आता शिक्क्याचं. माझ्या दुकानाच्या बाजूलाच दोन नोटरी बसतात, चांगली माणसं आहेत, पण लोक त्यांच्याकडून ट्रू कॉपी करून घेतात आणि समजतात की झालं. मराठीत यासाठी दोन वेगळे शब्द आहेत, साक्षांकित प्रत आणि प्रमाणित प्रत, आणि लोक दोन्ही एकच समजतात. साक्षांकित म्हणजे कुणीतरी अधिकाऱ्यानं किंवा नोटरीनं मूळ कागद बघून शिक्का मारला. नोकरीच्या फॉर्मला, शाळेच्या दाखल्याला ते ठीक. प्रमाणित प्रत म्हणजे ज्या ऑफिसच्या ताब्यात मूळ दप्तर आहे त्याच ऑफिसातल्या अधिकाऱ्यानं फी घेऊन, खाली ही खरी नक्कल आहे असं लिहून, तारीख, सही, हुद्दा आणि शिक्क्यासह दिलेली नक्कल. सातबारा, फेरफार, कोर्टाचा निकाल, हे सरकारी दप्तर, त्याची प्रमाणित प्रत थेट पुराव्यात चालते, अस्सल आणा असं कुणी म्हणू शकत नाही. नोटरीच्या शिक्क्याला ही ताकद नाही, मूळ कागद खाजगी असेल तर तो शिक्का मारूनही ती झेरॉक्स झेरॉक्सच राहते.

रजिस्टर खरेदीखत हरवलं म्हणून रडत येणारी माणसं तर दर महिन्याला येतात. त्यांना मी पहिल्यांदा पाणी देतो आणि मग सांगतो की दस्त रजिस्टर होतात त्या दुय्यम निबंधकाच्या ऑफिसात जा, नक्कल मिळते. १९०८ च्या नोंदणी कायद्याच्या कलम ५७ मधेच लिहिलंय की अशी सहीशिक्क्याची नक्कल मूळ दस्तातला मजकूर शाबीत करायला ग्राह्य आहे, आणि सप्टेंबर २०२३ ला सुप्रीम कोर्टानं अप्पैया विरुद्ध अंदीमुथू यात १९२८ सालच्या खरेदीखताच्या अशाच नकलेबद्दल ते पक्कं केलं. १९२८ चा दस्त, पंचाण्णव वर्षांनी त्याची नक्कल कोर्टात उभी राहिली. रजिस्टर करायला खर्च होतो म्हणून साध्या कागदावर भागवणाऱ्यांनी हे जरूर वाचावं, आमच्या मावशीनं मृत्युपत्र रजिस्टर केलं असतं तर साक्षीदार लागलेच असते, पण हरवलेल्या कागदाचा प्रश्न एक नक्कल काढून सुटला असता.

पण जिथं स्टॅम्प लागतो आणि लावलेला नाही, किंवा कमी लावलाय, तिथं झेरॉक्स वाचवत नाही. अस्सल कागद असेल तर कोर्ट तो जप्त करून घेतं, राहिलेली ड्युटी आणि दंड भरला की तो पुराव्यात येऊ शकतो. झेरॉक्सवर ही दुरुस्ती करता येत नाही असं सुप्रीम कोर्टानं १९७१ ला आणि परत २००७ ला सांगितलंय. म्हणून शंभर रुपयाच्या स्टॅम्पवर लाखाची जमीन लिहून घेतलेल्यांनी अस्सल कागद तरी जिवापाड जपावा. दुसरा एक गैरसमज, तीस वर्षं जुना कागद आपोआप खरा धरतात. कायद्यात तसं अनुमान आहे, पण ते योग्य ताब्यातून आलेल्या मूळ कागदाबद्दल आहे आणि कोर्टाला ते धरायचं की नाही याची मोकळीक आहे. तीस वर्षांपूर्वीची झेरॉक्स दाखवून ते अनुमान मागता येत नाही.

हल्ली मोबाईलमधले फोटो आणि व्हॉट्सअॅपचं बोलणं प्रिंट काढायला रोज येतं. पोरं म्हणतात काका प्रिंट मारा, पुरावा आहे. याला वेगळंच कलम आहे, जुनं ६५ ब, नवं ६३, आणि त्याचा सगळ्यात मोठा निकाल आपल्या महाराष्ट्रातूनच गेलाय. २०१४ च्या विधानसभेला जालन्यात अर्जुन खोतकर २९६ मतांनी निवडून आले, कैलास गोरंट्याल यांनी हायकोर्टात आव्हान दिलं की उमेदवारी अर्ज दुपारी तीनची वेळ उलटल्यावर घेतला, आणि पुरावा म्हणून निवडणूक कार्यालयातल्या कॅमेऱ्याच्या सीड्या दिल्या. त्या सीड्यांसोबत लागणारं प्रमाणपत्र अधिकाऱ्यांनी परत परत मागूनही दिलं नव्हतं. प्रकरण सुप्रीम कोर्टात गेलं आणि १४ जुलै २०२० ला तीन न्यायमूर्तींनी सांगितलं की मूळ उपकरण कोर्टात आणलं तर प्रमाणपत्र नको, पण त्याची नक्कल म्हणजे सीडी, पेनड्राईव्ह, प्रिंट दिली तर प्रमाणपत्र पाहिजेच. सोबत हेही सांगितलं की ज्यानं प्रमाणपत्र मिळवायला जे जे करता येईल ते सगळं केलं आणि ज्याच्या हातात आहे तोच देत नाही, त्याला त्याची शिक्षा नको. ही निवडणूक याचिका होती पण दिवाणी दाव्यालाही नियम तोच. नव्या कायद्यात तर प्रमाणपत्राचा नमुनाच दिलाय, दोन भाग आहेत, एक आपण भरायचा, दुसरा तज्ज्ञानं, आणि त्यात फाईलची हॅश व्हॅल्यू, म्हणजे फाईलमधे बदल झाला तर ओळखू येणारा तिचा खास नंबर, लिहायची. म्हणून मी पोरांना सांगतो की प्रिंट घे पण फोन विकू नको, फॉरमॅट मारू नको, मेसेज डिलीट करू नको, आणि वकिलाला पहिल्याच दिवशी सांग की हा पुरावा मोबाईलचा आहे.

आता माझ्या धंद्यातलं थोडं. कागदाची फक्त पुढची बाजू झेरॉक्स करून नेणारे शंभरातले निम्मे तरी असतात. स्टॅम्प पेपरच्या मागं विक्रेत्याचा नंबर, तारीख, कुणाच्या नावानं घेतला, कशासाठी घेतला हे असतं, पुढं वाद झाला तर तीच बाजू बोलते. कोरी दिसली तरी मागची बाजू काढाच. लीगल साईजचा दस्त ए फोरवर बसवायला सांगू नका, खालचा अंगठा, साक्षीदाराची सही, पानाचा नंबर कापला जातो, किंवा बारीक करून अक्षर वाचता येत नाही. आणि मूळ कागद हातातून जायच्या आधी त्याची झेरॉक्स काढा, एक नाही तीन काढा, सगळ्या मुळावरूनच, आणि त्यातल्या एकीवर त्याच दिवशी तारीख टाकून लिहून ठेवा की मूळ कागद कुणाला, कुठं, कशासाठी दिला. मी आता दुकानात हे स्वतःहून सांगतो, कुणी चिडतं, कुणी घाई आहे म्हणतं, तरी सांगतो.

आणि पोच. महाराष्ट्र जमीन महसूल अधिनियम १९६६, कलम १४९. जमिनीत हक्क मिळाल्याची खबर तलाठ्याला दिली की तलाठ्यानं त्या माणसाला ताबडतोब लेखी पोच दिली पाहिजे असं त्यात लिहिलंय. ताबडतोब, आणि लेखी. ही मेहेरबानी नाही, कायदा आहे. फक्त अर्जात खाली सोबत जोडलेल्या कागदांची यादी लिहा, मृत्युपत्र मूळ प्रत, पानं तीन, अशी, आणि आपल्या प्रतीवर सही, शिक्का, तारीख घ्या. मूळ कागद फक्त दाखवा आणि समोर ताडून परत द्या म्हणा. बँकेत, सोसायटीत, कुठंही मूळ कागद देताना हेच. वरिष्ठ महसूल अधिकाऱ्यांना माझी हात जोडून विनंती आहे की खेड्यातल्या बाईमाणसाकडून मूळ मृत्युपत्र ठेवून घेऊ नका, बघा, नोंद करा, झेरॉक्स ठेवा आणि मूळ परत द्या. आणि न्यायालयांना, वकील मंडळींना विनंती आहे की दुय्यम पुराव्याच्या परवानगीचे जे अर्ज आज पडून आहेत, निदान ज्यात साक्षीदार म्हातारे आहेत ते, आधी काढा. साक्षीदाराची साक्ष आधी नोंदवून घ्या आणि हरकतीवर नंतर ऑर्डर करा, पण माणूस आहे तोवर त्याला ऐका.

त्या साठेखतवाल्या आजीला मी शेवटी एवढंच विचारलं की मूळ कागद कुणाकडं आहे. म्हणाली, ज्यानं जमीन द्यायची कबूल केली त्याच्याच पेटीत. मग तिला वकिलाकडं नेलं, कागद हजर करायची नोटीस समोरच्याला गेली. पहिली झेरॉक्स, मुळावरनं काढलेली, तिच्या मुलीच्या घरी आहे म्हणते, ती शोधायला ती परवाच्या एसटीनं गेलीय.

पत्र मोठं झालं, छापताना काटछाट करायची असेल तर आमच्या केसचं सगळं कापा, पण कलम १४९ चं ते वाक्य तेवढं ठेवा.

आपला,
एक झेरॉक्सवाला
जि. सातारा
(केस चालू असल्यानं नाव आणि गाव छापू नये ही विनंती.)